मावशींना पुन्हा सांगायला लावलं तेव्हा

कॅमेरा चालवायला शिकून मला जेमतेम दोन वर्षं झाली होती. तोवर लग्नं आणि अंबड औद्योगिक वसाहतीतल्या कारखान्यांचे माहितीपट एवढंच केलं होतं. मग माझ्या एका मित्राने नाशिकच्या फूलशेतीवर लघुपट करायचं ठरवलं आणि कॅमेरा माझ्या हाती दिला.

शहराबाहेर झेंडू लावणाऱ्या एक मावशी आमच्याशी बोलायला तयार झाल्या. त्यांच्या घरातल्या खिडकीतून दुपारचा उजेड फार सुरेख येत होता. मी त्यांना तिथे बसवलं, फोकस लावला, बटण दाबलं.

बोलता बोलता मावशी आपल्या मुलीच्या विषयावर आल्या. बारा वर्षांची होती. दसऱ्याच्या आदल्या दिवशी पहाटे फुलं तोडायला गेली आणि तिला साप चावला. त्यातच ती गेली. "मीच पाठवली व्हती. ती उठत नव्हती, तरी मी उठवली," असं म्हणून त्या रडल्या. हे त्यांनी आजवर कुणाला सांगितलं नव्हतं.

त्या थांबल्यावर मी बटणाकडे हात नेला. रेकॉर्डिंग सुरूच नव्हतं. सुरुवातीला घाईत मी बटण दोनदा दाबलं होतं.

मित्र माझ्याकडे बघत होता. मी म्हणाले, "मावशी, बाहेरून ट्रॅक्टर गेला, त्याचा आवाज आला. पुन्हा एकदा सांगाल?"

ट्रॅक्टर गेलाच नव्हता. त्या क्षणभर माझ्याकडे बघत राहिल्या. मग पाणी प्यायल्या, पदर सारखा केला आणि पहिल्यापासून सांगू लागल्या. मुलीला उठवल्याचं सांगून त्या थांबल्या आणि त्यांनी मला विचारलं, "पोरी, मघाशी मी हितंच रडले व्हते ना?"

मी मान डोलावली. त्या रडल्या. यावेळी सगळं रेकॉर्ड झालं.

लघुपट शहरातल्या एका सभागृहात दाखवला, तेव्हा लोकांनी नेमकं तेच दृश्य वाखाणलं. एका वयस्कर गृहस्थांनी माझा हात हातात घेतला. मी हसून आभार मानले. आजही ते आठवलं की कानशिलं तापतात.

पुढे महिन्याभराने मित्राला खरं सांगितलं. तो चिडला नाही, फक्त म्हणाला, "मला काय सांगतेस? त्यांना सांग."

मी गेले. मावशी वाफ्यात खुरपत होत्या. बांधावर उभी राहून मी एका दमात सगळं सांगून टाकलं. त्यांचं खुरपं थांबलं.

"म्हंजे मशिनीचं चुकलं व्हय?"

"नाही मावशी, माझं चुकलं. आणि मी खोटं बोलले."

"मला वाटलं, माझं बोलनं तुला खरं वाटलं नाय. म्हनून तू परत इचारलं." त्या खाली बघत म्हणाल्या, "लय दिस तेच मनात व्हतं."

त्यांनी चहाला थांब म्हटलं नाही, जा असंही म्हटलं नाही. त्या पुढच्या सरीकडे सरकल्या. मी बांधावरून गाडीकडे निघाले.