उलटेमास्तरांची सरळ प्लेट

माझ्या काकांनी चाळीस वर्षं सगळं उलटं काढलं आणि त्याबद्दल त्यांना दर महिन्याला पगार मिळाला. छापखान्यात तांब्याच्या प्लेटवर चित्र कोरणं हे त्यांचं काम. कोरलेल्या रेघांत शाई भरायची, वर कागद ठेवून दाबायचं. कागदावर चित्र सरळ यायला हवं तर तांब्यावर ते उलटं हवं, डावं ते उजवं आणि उजवं ते डावं. साबणाच्या वेष्टनावरचा हंस, काडेपेटीवरचा पहिलवान, खोकल्याच्या बाटलीवरचा मिशीवाला डॉक्टर, सगळे त्यांच्या हातून उलटे जन्मले आणि बाजारात जाऊन सरळ झाले. छापखान्यात त्यांना उलटेमास्तर म्हणत. काकांना त्याचा अभिमान होता, म्हणजे किती, तर घरच्या किराणाची यादीही ते नादात उलटी लिहायचे आणि काकू ती आरशासमोर धरून वाचायची.

मी चौथीत असताना त्यांनी मला नकाशा काढून दिला होता. फार सुंदर नकाशा, फक्त समुद्र भलत्या बाजूला. बाईंनी शून्य दिलं. मी रडत घरी आले, तर काका म्हणाले, "बाईंना म्हणावं छापून बघा, बरोबर येईल." त्या दिवसापासून मी त्यांच्यावर थोडी रागावलेलीच आहे, आणि तो राग मला इतका आवडतो की मी तो कधी सोडला नाही.

मी स्वतः मुलाम्याच्या कारखान्यात काम करते. नळाच्या तोट्या, दाराच्या मुठी, सायकलची हँडलं यांना तांब्याचा थर द्यायचा, मग निकलचा. मोरचुदाच्या निळ्या पाण्याने भरलेल्या टाकीत वस्तू टांगायची आणि वीज सोडायची, की पाण्यातलं तांबं हळूहळू तिच्यावर येऊन बसतं. माझ्या नखांच्या कडा कायम निळ्या. काका मला मोरचूद म्हणतात. रंग छान, पण जिभेला लावू नये, असं त्याचं स्पष्टीकरणही पाहुण्यांना न विचारता देतात.

तर अशा या माणसाचा उजवा हात दोन वर्षांपूर्वी थरथरायला लागला. एकदा कोरणी घसरली आणि महिनाभर खपून केलेल्या कामावर आडवा ओरखडा गेला. काकांनी त्याच संध्याकाळी हत्यारं पेटीत घातली आणि घरी येऊन ती पेटी कपाटावर ठेवली. मग हात खिशात गेला तो गेलाच. घरातसुद्धा खिशात. चहा डाव्या हाताने, पेपर डाव्या हाताने, आणि रिकामं तोंड दिवसभर काकूच्या कामात. कांदा कसा चिरावा इथपासून केर कोणत्या दिशेने काढावा इथपर्यंत. माणूस घरी बसलाय की साहेब तपासणीला आलाय तेच कळत नाही, असं काकू हसून सांगायची. पण एका रविवारी आम्ही दोघी चादरींच्या घड्या घालत होतो, तेव्हा ती हसली नाही.

"मला बोलतात त्याचं काही नाही गं," ती म्हणाली. "पण हल्ली पेन्सिलसुद्धा उचलत नाहीत. मला भीती वाटते."

मलाही वाटत होती, पण मी नेहमीप्रमाणे दुसरंच काहीतरी बोलले.

पुढच्याच महिन्यात छापखान्याने जुनी कपाटं रिकामी केली आणि कुणीतरी आठवणीने जुन्या पुस्तकांचा एक गठ्ठा काकांकडे पाठवून दिला. त्यात एक पातळसं, कसरीने खाल्लेलं पुस्तक होतं, छपाईच्या मोडीत निघालेल्या रीतींचं. काकांना त्यात एक शब्द सापडला, गॅल्व्हनोग्राफी. तो त्यांना इतका आवडला की जेवताना, फिरायला जाताना, भाजी निवडताना तोच. घरातल्या कोशात तो नव्हता. शेजारच्या कंपाउंडरनी गंभीरपणे विचारलं, डॉक्टरांना दाखवलंत का.

रीत अशी. चांदीचा पातळ थर दिलेला तांब्याचा पत्रा घ्यायचा. त्यावर चिकट, दाट शाईने ब्रश घेऊन चित्र रंगवायचं, गडद हवं तिथे जाड थर, उजळ हवं तिथे पातळ. वाळलं की त्यावर ग्रॅफाइटची पूड चोळायची, पेन्सिलीत असतं तेच, म्हणजे शाईवरूनही वीज जाते. मग तो पत्रा मोरचुदाच्या टाकीत टांगायचा. चित्रावर तांबं चढत जातं, आणि पुरेसं जाड झालं की ते सोलून वेगळं काढायचं. जिथे शाईचा उंचवटा होता तिथे नव्या तांब्यात खड्डा. झाली छापायची प्लेट. कोरणी नाही, काही नाही.

"हात हलला तरी ब्रश तांबं फाडत नाही," काका म्हणाले आणि माझ्याकडे बघत राहिले. "तुझ्याकडे टाकी आहे."

मला त्या दिवशी न मागता दुसरा कप चहा का मिळाला, ते तेव्हा लक्षात आलं.

चित्र कुणाचं काढायचं हा प्रश्नच नव्हता. चाळीस वर्षांत त्यांनी जगभरची तोंडं कोरली, पण घरातलं एक राहून गेलं होतं. आणि ते तोंड अवघड. म्हणजे दिसायला काकू छान आहे, गोल चेहरा, बाजूला काढलेला भांग, डाव्या भुवईत लहानपणी झोपाळ्याची फळी लागली त्याची बारीकशी खाच. पण तिला स्वतःचा एकही फोटो कधी पटला नाही. लग्नातला नाही, ओळखपत्रावरचा तर नाहीच. ही कोण बाई, ही माझी थोरली बहीण वाटते, आणि मला थोरली बहीण नाही, असं म्हणून ती फोटो पालथा घालायची. काका म्हणायचे, फोटोवाल्यांना अक्कल नसते. काकू बसायला तयार झाली, पण तिने आधीच बजावलं की आवडलं नाही तर खोटं बोलणार नाही.

मी निघाले तेव्हा काका जिन्यापर्यंत आले. "हे जमलं तर बरं," ते हळू आवाजात म्हणाले. "नाही जमलं तर ती पेटी तू घेऊन जा. कोरण्या, कानशी, सगळं. मला ती डोळ्यांसमोर नको."

मी हो म्हटलं आणि उतरताना दोन पायऱ्या चुकले.

कामाला सुरुवात करण्यापूर्वी काकांनी आम्हाला आठवडाभर एकच गोष्ट ऐकवली. या रीतीत चित्र सरळ काढायचं असतं. का, तर रंगवलेल्या पत्र्यावरून प्लेट घेताना ते एकदा उलटतं आणि कागदावर छापताना पुन्हा उलटतं, म्हणजे हिशेब फिटला. हे त्यांनी मला सांगितलं, काकूला सांगितलं, कंपाउंडरना दोनदा सांगितलं. एका कागदावर मोठ्या अक्षरांत 'सरळ' असं लिहून तो टेबलासमोरच्या भिंतीवर चिकटवला. तो शब्द त्यांनी उलटा लिहिला नव्हता, हे मी मुद्दाम तपासलं.

मग आठ दिवस काकू खिडकीपाशी खुर्चीत मटार सोलत बसली आणि काका रंगवत बसले. उजवा हात खिशाबाहेर आला. थरथरत होताच, पण डाव्या हाताने मनगट धरून ते ब्रश टेकवायचे, आणि ती थरथर चित्रात गेली की डोळ्यांभोवतालच्या बारीक सुरकुत्या आपोआप व्हायच्या. त्या आठ दिवसांत त्यांनी काकूला कांद्याबद्दल एक अक्षर ऐकवलं नाही. शेवटच्या दिवशी मी गेले, तेव्हा ते कोपऱ्यात सही करत होते, त्यांची नेहमीची दोन अक्षरं, नेहमीसारखी उलटी. मी ती पाहिली आणि छान म्हटलं. तुम्ही म्हणाल, तुझ्या कसं लक्षात आलं नाही? मी जन्मापासून त्यांची सही तशीच बघत आले. ती सरळ असती तर मी दचकले असते.

मालकांना मी सांगितलं की काकूला मुलामा द्यायचाय. ते पाच मिनिटं हसले आणि कोपऱ्यातली लहान टाकी दिली. पत्रा पाण्यात गेला. वीज अगदी मंद ठेवायची, नाहीतर तांबं खरबरीत बसतं, म्हणून दोन आठवडे लागणार होते. काका रोज दुपारच्या सुट्टीत डबा घेऊन यायचे, तू विसरलीस म्हणून. मी एकदाही विसरले नव्हते. पहिल्या चार दिवसांत मी दोन-दोन डबे खाल्ले, नंतर मालक माझ्या मदतीला आले. डबा दिला की काका टाकीपाशी जाऊन वाकून उभे राहायचे आणि जरासं वर काढून बघू का विचारायचे. मी नाही म्हणायचे. ते काही कालवण नाही, झाकण उघडून ढवळायला. तिथे मात्र माझंच चाललं.

पंधराव्या दिवशी आम्ही पत्रा बाहेर काढला, कडा कानशीने घासल्या, पातळ पातं आत सरकवलं, आणि दोन्ही पत्रे टक् करून सुटे झाले. टर्पेंटाइनने शाई धुतली. नवं तांबं असं लखलखीत की माझा स्वतःच्या टाकीवर विश्वास बसेना. काकांनी प्लेट तिरकी धरून बराच वेळ पाहिली. काहीतरी खटकतंय, असं ते पुटपुटले. मी म्हटलं, डोळ्यांत चकाकी जातेय, आणि प्लेट कागदात गुंडाळून टाकली. म्हणजे दुसऱ्यांदाही चूक नजरेआड करणारी मीच.

छापखान्याच्या मागच्या खोलीत जुनं हातयंत्र अजून आहे, मोठ्या चाकाचं. ते सांभाळणारा यंत्रवाला काकांचा जुना सोबती. काकू ठेवणीतले कपडे घालून आली होती. यंत्रवाल्याने प्लेटला शाई लावली, पुसली, ओला कागद ठेवला आणि चाक फिरवलं. काकांनी कागदाची दोन टोकं धरून तो उचलला.

काकू होती. मटार सोलताना मान जराशी झुकते तीच, सुरकुत्या त्याच. तेवढ्यात काकांची नजर कोपऱ्यात गेली. कागदावरची त्यांची सही उलटी होती. चाळीस वर्षांत कागदावर ती कधी उलटी आली नव्हती. तिथून नजर चेहऱ्यावर गेली. भांग भलत्या बाजूला, डाव्या भुवईतली खाच उजव्या भुवईत. साऱ्या गल्लीला 'सरळ, सरळ' सांगत फिरलेल्या माणसाने आठ दिवस बसून उलटं काढलं होतं. जित्याची खोड म्हणतात ती अशी.

यंत्रवाला काहीतरी गंमत करायला गेला आणि मध्येच थांबला. काकांनी कागद टेबलावर ठेवला. हात खिशात घातला.

"फाडून टाक," ते मला म्हणाले. "आणि येऊन पेटी घेऊन जा."

मला इतका राग आला की सांगता येत नाही. त्यांच्यावर, त्या उलट्या सहीवर, सगळ्यात जास्त माझ्यावर. मी काही फाडलं नाही.

कागद उचलला काकूने. ती तो घेऊन खोलीच्या टोकाला गेली, जिथे कामगार हात धुतात त्या बेसिनपाशी. तिथे एक शाईचे डाग पडलेला लहानसा आरसा आहे. तिने आरशात पाहिलं, कागदाकडे पाहिलं, पुन्हा आरशात. भुवईवरून बोट फिरवलं. आम्ही तिघं उभे. तिने अजिबात घाई केली नाही.

"ही मी," ती म्हणाली.

काकांना वाटलं, ती समजूत घालतेय. तसं ते म्हणालेही, वर चूक समजावून सांगायला लागले, खाच कुठे हवी, भांग कुठे हवा. काकूने त्यांना पुरतं बोलूही दिलं नाही.

"अहो, मी सांगितलं होतं ना, खोटं बोलणार नाही म्हणून? फोटोत माझी भुवई पलीकडे पळून जाते. इथे ती जागेवर आहे. रोज सकाळी केस विंचरताना मला जी दिसते ती हीच बाई. इतक्या वर्षांत पहिल्यांदा कुणी तिला काढलं."

मग माझ्या डोक्यात उजेड पडला. जगाने काकूला समोरून पाहिलं होतं, तिने मात्र स्वतःला फक्त आरशात. आणि तिला आरशातून पाहू शकेल असा एकच माणूस साऱ्या गावात होता, तो तिच्याच घरात कांद्याला नावं ठेवत बसला होता.

काकांनी कागद तिच्या हातातून घेतला आणि खाच पुन्हा एकदा पाहिली.

"म्हणजे मी उगाच फोटोवाल्यांना शिव्या घालत होतो," ते म्हणाले.

"घाला की," काकू म्हणाली. "त्यांना सवय असेल."

यंत्रवाला आधी हसला, मग आम्ही सगळे, आणि मी त्यात रडूनही घेतलं. काका प्लेटपाशी गेले. या एका प्रतीवर भागणार नाही, आणखी दोन काढू, सावली थोडी जास्त पुसली गेलीय, असं म्हणत त्यांनी यंत्रवाल्याच्या हातातला बोळा घेतला आणि स्वतःच शाई लावायला लागले. माझ्याकडे न बघता त्यांनी विचारलं, चांदीचा थर दिलेला दुसरा पत्रा कधी मिळेल. मी पेटीचं काय करायचं ते विचारलं. कसली पेटी, असं ते म्हणाले.

शाई लावताना त्यांचा उजवा हात चांगलाच थरथरत होता. आम्ही तिघंही तिथेच उभे होतो, सगळ्यांना तो दिसत होता. लावून झाल्यावर त्यांनी तो शर्टालाच पुसला, काकूने त्यावरून त्यांना फैलावर घेतलं, आणि ते हात बाहेर ठेवूनच तिचं ऐकत उभे राहिले.