उलटे महिने

तो मला पहिल्या दिवसापासून आवडला नाही. हे आधीच सांगून टाकते, म्हणजे पुढे कुणी मला मोठ्या मनाची वगैरे समजायला नको. इंग्लंडचा माणूस, वय चौतीस, धंदा रग्बी खेळण्याचा. आयर्लंडमधल्या एका क्लबात शेवटची वर्षं काढायला आला होता. मी डब्लिनच्या चेरीवूड भागातल्या एका लहानशा कंपनीत सॉफ्टवेअर लिहिते. डोक्याला मार बसलेल्या खेळाडूंसाठी आम्ही टॅब्लेटवर चालणारी एक चाचणी तयार केली होती, आणि तो क्लब ती एक सीझन वापरून बघणार होता. ती नीट चालते की नाही हे पाहायला आठवड्यातले दोन दिवस मला तिथे जाऊन बसावं लागायचं.

पहिल्याच दिवशी त्याने माझ्याकडे बोट करून क्लबच्या डॉक्टरबाईंना विचारलं, "ही कोण? हिने जन्मात कधी कुणाला धडक दिलीय का?"

खोलीतले सगळे हसले. मी म्हटलं, "एकदा दिलीय. सुपरमार्केटमध्ये, ट्रॉलीने. ज्या बाईला दिली तिनेच मला सॉरी म्हटलं."

डॉक्टरबाई तेवढ्या हसल्या. त्या आयरिश, साठीच्या, पाय मोडलेल्यालाही 'ग्रँड', म्हणजे 'झकास आहेस', म्हणून पाठवणाऱ्या. त्या दिवसापासून त्याने मला नावाने हाक मारली नाही. नाव जड जातं म्हणे. 'टॅब्लेटवाली' एवढंच. इंग्रजीत सगळ्यांना एकच 'यू', त्यामुळे मी मनातल्या मनात त्याला अरे-तुरे करते हे त्याला कधी कळलं नाही, याची मला आजही हळहळ वाटते.

त्याची सगळी कारकीर्द मला तोंडपाठ होती. आवडीने नव्हे, चाचणीत प्रत्येकाच्या जुन्या दुखापती भराव्या लागायच्या म्हणून. इंग्लंडच्या उत्तरेकडचं गाव. सोळाव्या वर्षी शाळेतून उचलून क्लबच्या अकादमीत, एकोणिसाव्या वर्षी पहिला करार. जागा फ्लँकरची, म्हणजे चेंडू घेऊन जो अंगावर येईल त्याला आडवा पाडायचा, उठायचं, आणि पुढच्याला पाडायचं. हे तो पंधरा वर्षं करत होता. इंग्लंडच्या संघातून सहा सामने खेळला. सातव्याला बोलावणं आलं आणि त्याच आठवड्यात सरावात खांदा निखळला. परत बोलावणं आलं नाही. मग दोन वर्षं फ्रान्स, मग इथे. नाक तीनदा मोडलेलं, डाव्या कानाची पार कुरडई झालेली. मी एकेक दुखापत टाइप करायचे आणि तो समोर पाय पसरून बसायचा, जणू मी त्याची पदकं मोजते आहे.

घरी नवरा मात्र हरखून गेला होता. क्रिकेटवर वाढलेला पुणेकर, पण ॲडम्सटाउनला घर घेतल्यापासून शेजाऱ्यांच्या नादाने रग्बी बघायला लागला होता.

"अगं, इंग्लंडसाठी खेळलाय तो! यू हॅव नो आयडिया. एक सेल्फी तरी घे ना यार."

"सहा मॅचेस. ओवाळू का त्याला?"

"तुला ना, कशाचंच काही वाटत नाही."

वाटत होतं. राग वाटत होता. धडधाकट माणसं एकमेकांवर डोकी आपटतात, आणि मग ती डोकी शाबूत आहेत का ते मी तपासायचं. आमच्या चाचणीत दहा शब्द ऐकून परत सांगायचे, एका पायावर उभं राहायचं, आकडे उलटे म्हणायचे, आणि शेवटी डिसेंबरपासून जानेवारीपर्यंत महिने उलटे म्हणायचे, तीस सेकंदांत. ते उलट्या महिन्यांचं काम माझं होतं. टॅब्लेट आवाज ऐकायचा, चूक आणि वेळ मोजायचा आणि पडद्यावर हिरवं किंवा लाल दाखवायचा. मला त्याचा फार अभिमान होता. ऑफिसात मी त्या कामाबद्दल पोराबाळाबद्दल बोलावं तशी बोलायचे.

त्या सीझनमध्ये ऑक्टोबरात एकदा आणि जानेवारीत एकदा त्याच्या डोक्याला मार बसला. दोन्ही वेळा तो आला, बसला, हिरवं झालं, आणि जाताना "झालं का समाधान, टॅब्लेटवाली?" असं विचारून गेला. दोन्ही वेळा मी पडद्याकडे बघत होते. पडदा कसा चालतो ते बघायलाच तर मला पाठवलं होतं.

मार्चमध्ये तिसरा मार बसला. शनिवारच्या सामन्यात त्याचं डोकं कुणाच्या तरी गुडघ्यावर आपटलं आणि तो उठून भलत्याच दिशेने चालायला लागला. प्रेक्षकांतून कुणीतरी ओरडलं, "इंग्लंड त्या बाजूला नाही रे!" आणि आपल्याच क्लबचे लोक आपल्याच माणसाला हसले. त्याला आणखी एक वर्ष ठेवायचं की नाही, हे क्लब एप्रिलमध्ये ठरवणार होता. ते एक वर्ष त्याला किती हवं होतं हे गवत कापणाऱ्या माणसापासून सगळ्यांना माहीत होतं. मंगळवारी चाचणी हिरवी आली तर तो खेळणार. लाल आली तर मेंदूच्या डॉक्टरांकडे पाठवणी, आणि एका सीझनमधला हा तिसरा मार म्हटल्यावर कराराचं नाव काढायला नको.

मंगळवारी सकाळी टॅब्लेटचा माइक बंद पडला. मी चालू-बंद करून पाहिला, पुसून पाहिला. समोर तो, शेजारी स्टुलावर डॉक्टरबाई.

"वा," तो म्हणाला. "माझं डोकं तपासायला आलेल्याचंच डोकं बंद."

"मी कानांनी ऐकीन आणि हाताने खुणा करीन," मी म्हटलं. "सुरू कर."

शब्द झाले, एक पाय झाला, आकडे झाले. दोन-तीन चुका, पण चालण्यासारख्या. मग महिने. त्याने श्वास घेतला आणि डिसेंबर, नोव्हेंबर, ऑक्टोबर करत एका दमात जानेवारी गाठला. अकरा सेकंद. एकही चूक नाही. डॉक्टरबाई "ग्रँड" म्हणाल्या आणि पेनाचं टोपण काढू लागल्या.

पण मी ते पहिल्यांदाच कानांनी ऐकलं होतं, आणि त्याला चाल होती. तीन महिने वर, तीन महिने खाली, मध्ये श्वास. ही चाल मी ओळखणार नाही तर कोण ओळखणार? माझं सगळं बालपण तिच्यात गेलंय. संध्याकाळी हातपाय धुऊन भिंतीशी बसायचं आणि झुलत झुलत पाढे म्हणायचे. मला सतराचा पाढा घडाघडा यायचा. पण वडिलांनी मध्येच "सतरा सक किती?" असं विचारलं की मी गप्प, आणि मग मनातल्या मनात सतरा एके सतरापासून गाडी सुरू. आठवून सांगणारा माणूस असा झुलत नाही. तो अडखळतो, पुढे-मागे बघतो, हळू होतो. हा पाठांतर करून आला होता.

"परत म्हण," मी म्हटलं.

"का? झालं की."

"माइक नाहीये. मला लिहून घ्यायचंय."

त्याने डोळे फिरवले आणि सुरू केलं. ऑगस्टवर आला तसा मी हात वर केला. "थांब. ऑगस्टच्या आधीचा कुठला?"

तो माझ्याकडे बघत राहिला. ओठ हलले. मग अगदी हळू आवाजात, "डिसेंबर, नोव्हेंबर..."

"तसं नाही. ऑगस्टपासून सांग."

डॉक्टरबाईंनी पेनाला टोपण परत लावलं. त्याच्या मानेवर लाल चट्टे आले. तो म्हणाला, "सप्टेंबर." मग म्हणाला, "नाही." एवढा धिप्पाड माणूस, मांड्यांवर हात ठेवून, पहिलीतल्या मुलासारखा छताकडे बघत होता. मग उठला, टॅब्लेट भिंतीवर फेकला आणि मला आणि मी जिथून आले त्या देशाला एक शिवी घातली, ती मी इथे लिहिणार नाही.

खरं सांगते, त्याच्या मेंदूच्या काळजीने मी त्याला थांबवलं नव्हतं. मला जिंकायचं होतं. सप्टेंबरपासूनची प्रत्येक 'टॅब्लेटवाली' माझ्या घशात अडकून होती, आणि तो ऑगस्टवर अडकला तेव्हा मला गार वाटलं. घरी आल्यावर मी दोन वेळा चहा प्यायले आणि नवऱ्याला सगळं साग्रसंगीत सांगितलं.

तो म्हणाला, "अगं पण त्याचं करिअर संपेल ना."

"मग संपू दे."

संपलंच. मेंदूच्या डॉक्टरांनी तपासण्या केल्या आणि पुन्हा खेळायचं नाही असं लिहून दिलं. एप्रिलच्या बातमीत 'कुटुंबाला वेळ देण्यासाठी निवृत्ती' असं छापून आलं. आमच्या ऑफिसात मात्र मी हिरॉइन झाले. मॅनेजरने केक आणला. महिने कुठूनही सुरू करून विचारता येतील असा बदल मी दोन दिवसांत करून दिला आणि सगळे म्हणाले, काय सुचलंय तुला!

मे महिन्यात क्लबने त्याच्या निरोपाचं दुपारचं जेवण ठेवलं आणि डॉक्टरबाईंनी मलाही बोलावलं. तो माझ्याकडे बघून न बघितल्यासारखं करून लांबच्या टेबलावर बसला. चार माणसांनी भाषणं केली. सहा सामन्यांबद्दल सगळे बोलले, सातव्याबद्दल कुणीच नाही. तो उठून आभार मानायला लागला आणि मध्येच त्याने कागदात बघून डॉक्टरबाईंचं नाव वाचलं. मला बरं वाटलं नाही, हेही सांगून टाकते.

निघताना पार्किंगमध्ये त्याची बायको माझ्या मागे आली. तीही इंग्लंडचीच, बारीक चणीची, कडेवर लहान मुलगी. आता ही आभार मानणार, असं वाटून मी 'त्यात काय एवढं'ची तयारी करून ठेवली.

"तो मी त्याला शिकवलेला," ती म्हणाली. "महिन्यांचा तो गाणं-गाणं प्रकार. मी शाळेत शिकवते. पोरांकडून असंच पाठ करून घेते."

मी विचारलं, "तुम्हाला माहीत होतं?"

"होतं. त्याला फक्त आणखी एक वर्ष हवं होतं. त्यानंतर तो घरी बसून काय करणार आहे ते तुला माहितीये? मला माहितीये, मी तेच बघतेय सध्या." तिने मुलीला दुसऱ्या कडेवर घेतलं. "आणि तू इथे अशी उभी आहेस, जसं काही तू त्याला वाचवलंस."

"त्याला जुलै आठवत नव्हता," मी म्हटलं. माझाही आवाज चढला होता. "तुम्ही त्याला तसाच परत मैदानात पाठवणार होता?"

"पाठवणार होता काय? पाठवला." ती माझ्या अगदी जवळ आली. "मार्चमध्ये नाही शिकवलं मी त्याला. ऑक्टोबरात शिकवलं. जुलै त्याला तेव्हाच सापडत नव्हता. जानेवारीत पुन्हा घोकून घेतलं. दोन्ही वेळा तो हिरवा होऊन घरी आला आणि पुढच्या शनिवारी खेळला. तेव्हा कोण होतं समोर? तू नव्हतीस?"

मुलगी माझ्या गळ्यातल्या ओळखपत्राच्या दोरीला हात लावायला बघत होती. मी ती दोरी तिला धरू दिली.

"होते," मी म्हटलं. "मीच होते."