गयाबाई नुसती उभी राहते

सरकारी दवाखान्यातली औषधं महिन्याच्या वीस तारखेलाच संपतात. किस्से मात्र कधी संपत नाहीत, कारण त्यांचा पुरवठा वरून होत नाही. ते रांगेतनं चालत येतात! सत्तरच्या दशकात चारठाण्याच्या अलीकडे एका आरोग्य केंद्रात मी कंपाउंडर होतो. माझ्या आणि तपासणीच्या खोलीच्या मध्ये फळ्यांची भिंत होती, वरून उघडी. तपासणीचं दार लोटलं की मला दिसायचं काही नाही, ऐकू मात्र सगळं यायचं.

डॉक्टर तरुण, बिनलग्नाचे, पुण्याकडचे. नियम असा की बाईमाणूस तपासताना खोलीत दुसरी बाई हजर पाहिजे. आमच्याकडे ती बाई म्हणजे गयाबाई. गावच्या बौद्ध वस्तीतली, शांत, पण जिभेला धार. तिची लेक परभणीला बोर्डिंगात राहून शिकत होती, आणि गयाबाईची नोकरी टेंपररी. नोकरी गेली की लेकीची शाळाही गेली, एवढा सरळ हिशेब.

दर वर्षी दवाखान्याच्या तपासणीला जिल्ह्याचे साहेब यायचे आणि रजिस्टरवरच्या तिच्या नावावर बोट ठेवायचे.

"ही बाई नेमकं करते काय?"

"उभी राहते," डॉक्टर म्हणायचे.

"उभं राहणं हे काय काम झालं?"

साहेबांची जीप गेली की गयाबाई माझ्या खिडकीशी यायची. "भाऊ, अवंदा ठिवतेत का काढतेत?" मी म्हणायचो, "ठेवतेत की!" मला तरी काय माहीत!

०

एक शेतकरी बायकोला घेऊन आला. गयाबाई खोलीत उभी होती, तरी गडी बायकोला पुढे होऊ देईना.

"तिचं पोट दुखायलंय. हितं." त्यानं स्वतःचा सदरा वर केला. "तिचंच समजून माझं दाबून बघा."

डॉक्टर नवे होते. त्यांनी खरंच दाबून पाहिलं! गडी दर वेळी बायकोकडे बघायचा, ती मान हलवायची, मग हा ओरडायचा, "हां, हितंच!"

शेवटी डॉक्टरांनी सुई भरायला घेतली. गड्यानं झटकन सदरा खाली ओढला.

"सुई मातर तिलाच द्या!"

०

सासवांची तऱ्हा निराळी. एक सासू सुनेला घेऊन आली. डॉक्टर सुनेला म्हणाले, "जीभ दाखवा." सासूनं दाखवली. "काय होतंय?" सासू म्हणाली, "तिचं डोस्कं दुखायलंय." सून खाली मान घालून बसलेली. सलग तीन सोमवार हेच चाललं, आणि तिन्ही वेळा मी डोकेदुखीच्या गोळ्या दिल्या.

चौथ्या सोमवारी गयाबाई सासूकडे बघत म्हणाली, "अगं बया, मावशी, तुमचंच तोंड लय सुकलंय! चला, कंपाउंडर भाऊ ताकदीचं औषध देतेत." आणि तिला हाताला धरून माझ्याकडे आणून बसवली. मी ओव्याच्या अर्काचा ग्लास भरून दिला.

सासूचा ग्लास संपेपर्यंत पलीकडे सून रडत रडत सांगत होती. दोन महिने अंगावरनं जात होतं तिच्या. दोन महिने! आणि मी आपला डोक्याच्या गोळ्या मोजतोय. मला त्या दिवशी स्वतःची लाज वाटली. डॉक्टरांनी तिला त्याच दुपारी परभणीला पाठवलं, वेळेत पोचली म्हणून वाचली.

सासूनं मोठ्ठा ढेकर दिला आणि म्हणाली, "सुनंचं काय का होईना, मला लय बरं वाटायलंय!"

०

गयाबाई दोन दिवस रजेवर गेली. डॉक्टरांनी तोड काढली. रांगेतल्या पुढच्या बाईनं आधीच्या बाईजवळ उभं राहायचं. संध्याकाळपर्यंत कुणाला कुठं गळू आणि कुणाला कितवा महिना, हे अख्ख्या गावाला पाठ!

गयाबाई परतल्यावर बायकांनी तिलाही गाठलं. सरपंचाच्या सुनेला काय झालंय, एवढंच सांग म्हणाल्या.

"मला काय ठावं? मी भित्तीकडं तोंड करून हुबी असते. त्या कुटुंब नियोजनाच्या तक्त्यावरल्या दोन लेकरांची नावं इचारा, सांगते!"

०

पाटलीणबाईंच्या काखेत गळू झालं. त्या आल्या आणि दारातच थांबल्या. "गया, तू आत नगं येऊ. लांब हुबी राह्य."

गयाबाई व्हरांडा ओलांडून थेट फाटकाबाहेर, लिंबाखाली जाऊन उभी राहिली. डॉक्टरांनी धुतलेले हात पुसले आणि खुर्चीत बसले.

"बाई हजर असल्याशिवाय मी हात लावणार नाही."

अर्धा तास गेला. ठणका वाढला. शेवटी पाटलीणबाईच ओरडल्या, "ये गं बाई, ये आत!"

गळू फोडताना पाटलीणबाईंनी गयाबाईचा हात असा आवळला की तिच्या चार बांगड्या फुटल्या. जाताना म्हणाल्या, "घरला ये, नव्या भरते."

"येते की," गयाबाई म्हणाली. "पर हुबी कुटं राहू, पाटलीणबाई? घरात का लिंबाखाली?"

०

पुढे आमच्या डॉक्टरांची बदली झाली आणि त्यांच्या जागी डॉक्टरीणबाई आल्या. त्या वर्षी साहेबांना आयतंच कारण मिळालं.

"आता डॉक्टरच बाई आहे. बाईजवळ आणखी बाई कशाला?" आणि रजिस्टरात लाल शाईनं शेरा मारला : 'नुसती उभी राहते. पद रद्द करावे.'

गयाबाईनं मला तो वाचायला लावला. मी वाचला. ती टेबल पुसायला लागली. लेकीची मॅट्रिकची परीक्षा दोन महिन्यांवर होती.

साहेब मात्र निघेनात. मघापासून ते खुर्चीवर एका बाजूनं कलून बसले होते. देवगाव फाट्यापासूनचा खड्ड्यांचा रस्ता, त्यात सरकारी जीप. शेवटी डॉक्टरीणबाईंना हळूच म्हणाले, "बाई, जरा... बसायच्या जागी गळू आलंय. ठणका सहन होईना."

"झोपा पालथे. आत्ता फोडते."

तपासणीच्या खोलीचं दार लोटलं गेलं. मग साहेब म्हणाले, "इथं आपण दोघंच? बरं दिसत नाही. कुणीतरी हजर पाहिजे. कंपाउंडरला बोलवा."

"बाहेर सत्तर माणसांची रांग आहे, तो औषधं देतोय. ज्यांचं कामच हजर राहणं आहे, त्यांना बोलावते," डॉक्टरीणबाई म्हणाल्या. "गयाबाई!"

गयाबाई आत गेली. नेहमीसारखं तक्त्याकडे तोंड केलं असणार. पातेल्यात हत्यारं वाजली. मग साहेबांनी अशी बोंब ठोकली की रांगेतली चार माणसं आपापलं दुखणं घेऊन घरी गेली.

"गयाबाई! अगं, हात धर माझा! हात धर!"

"कसा धरू, साहेब?" गयाबाई म्हणाली. "मी तर नुसती हुबी राहते!"