अडवलं की सावरलं

विलासिनीला अक्षरांच्या आधी घोषणा आल्या. बाप काथ्याच्या कारखान्यातला. पोरीला खांद्यावर बसवून मोर्चात न्यायचा, आणि तिच्या किरट्या आवाजामागे सगळी रांग 'जिंदाबाद' म्हणायची. तीच विलासिनी चौपन्नाव्या वर्षी हायकोर्टाचा हुकूम पिशवीत घालून, पोलीस संरक्षणात, स्वतःच्या दुकानापुढे उभी होती. बापाने याला काय म्हटलं असतं, ते तिला कळेना. हल्ली तिला बरंच काही कळेनासं झालं होतं.

दुकान काचेचं. खिडक्यांची तावदानं, आरसे, देवांच्या नि पुढाऱ्यांच्या तसबिरी. नवरा गेल्यावर काच कापायला ती स्वतः शिकली. बोटांवर वण आहेत. केरळात, आलप्पुळ्याजवळच्या तिच्या नाक्यावर माल उतरवायचा तो युनियनच्या माथाड्यांनी. वीस वर्षं त्यांनीच उतरवला. मग तिने रफीकुल आणि मोनिरुल हे दोघे आसामी भाऊ कामाला ठेवले आणि सांगितलं, आता आमचा माल आम्ही उतरवू. युनियन म्हणाली, खुशाल उतरवा, आम्हाला नोक्कुकूली द्या. म्हणजे उभं राहून नुसतं बघण्याची मजुरी. कागदावर या मजुरीला बंदी आहे. विलासिनीने नाही म्हटलं, तर दोनदा लॉरी भरलेलीच परत गेली. तिसरी गेली असती तर कंपनीने माल पाठवणं बंद केलं असतं आणि दुकानाला कुलूप लागलं असतं. म्हणून कोर्ट. अडवणाऱ्यांची नावं वकिलाने विचारली तेव्हा तिने पहिलं सांगितलं दिवाकरनचं. तो टोळीचा म्होरक्या, आणि काच उचलण्यात त्याच्यासारखा हात जिल्ह्यात नाही.

हुकूम असा, की त्या नावांनी लॉरीच्या वीस फुटांत यायचं नाही. त्या सकाळी ती सगळी रस्त्यापलीकडे निळे शर्ट घालून, हाताच्या घड्या घालून उभी होती.

"चेची, बंदोबस्त झकास हं!" दिवाकरन ओरडला. चेची म्हणजे ताई; नाक्यावर सगळे तिला तशीच हाक मारत. "मंत्री येतोय का काच घ्यायला?"

"तू अलीकडे ये, म्हणजे कळेल कोण येतोय."

"आम्ही कशाला येऊ? आम्ही बघतोय. हे पोलीस सार लोकही बघतायत. त्यांनी बघितलं की ड्यूटी, आम्ही बघितलं की गुन्हा!"

एक शिपाई हसला. फौजदार जॉबीने डोळे वटारले तसा गप्प झाला.

पहिल्या पेट्या नीट उतरल्या. मग आठ फुटी आरसा आला आणि भावांनी तो खाटेसारखा आडवा धरला.

"उभा धरा रे गाढवांनो! आडवा केलात की मेला!" पलीकडून दिवाकरन.

मोनिरुलचा हात घसरला. आरसा मधोमध वाकलेला विलासिनीला दिसला आणि तिने डोळेच मिटले. उघडले तेव्हा दिवाकरन आरशाखाली होता. खांद्यावर पंचा, पंच्यावर आरशाचा काठ. "हं, चला आता. श्वास घेऊ नका कुणी." आरसा आत भिंतीला टेकला. ओरखडा नाही.

फौजदाराने त्याचं मनगट धरलं. "वीस फुटांच्या आत. अडवणूक."

"अडवत नव्हता तो सार, सावरत होता," विलासिनी म्हणाली.

"कोण म्हणतं सावरत होतो?" दिवाकरन उसळला. "मी अडवत होतो! लिहा सार!"

पलीकडून सगळे निळे शर्ट त्याच्याकडे बघत होते.

"अरे, आरसा तूच आत नेऊन ठेवलास!" विलासिनी म्हणाली.

"अडवता अडवता ठेवला!"

फौजदाराने टोपी काढून डोकं खाजवलं. "अडवणारा माणूस श्वास घेऊ नका सांगतो?"

"सांगतो. आमची पद्धत आहे."

फौजदार विलासिनीकडे वळला. "चेची, फिर्याद तुमची. अडवलं लिहू, तर हा आत जाईल. सावरलं लिहू, तर माल यांनीच उतरवला असं होतं. उद्या युनियन मजुरी मागेल, आणि तुमचा हुकूम राहील बाजूला. बोला."

दिवाकरन हळूच पुटपुटला, "चेची, अडवलं म्हण. नाहीतर मला नाक्यावर तोंड दाखवता यायचं नाही."

म्हणजे खरं बोलली तर दोघंही बुडणार, आणि खोटं बोलली तर दोघंही तरणार. असलं गणित तिला बापाने शिकवलं नव्हतं. "अडवलं," ती म्हणाली आणि सही केली. पलीकडून घोषणा झाल्या. दिवाकरन ताठ मानेने जीपमध्ये चढला.

दुपारी तिला चैन पडेना. युनियनवाले त्याला सोडवायला उद्या मोर्चाने येणार होते. आज रात्री तो आत असलेलाच त्यांना बरा होता. आणि त्याच्या गुडघ्यांना गार फरशी सोसत नाही, हे विलासिनीला ठाऊक होतं. ती जामीन राहायला जमिनीची करपावती घेऊन ठाण्यात गेली.

"तू कशाला आलीस?" दिवाकरन बाकावरून खेकसला. "उद्या मोर्चा आहे माझ्यासाठी!"

"मोर्चाला घरून ये. पुढेच चाल हवं तर."

फौजदाराने जामिनाचा कागद पुढे ओढला. "आरोपीशी नातं?"

विलासिनी मनात शब्द लावून बघू लागली. शेजारीण? गिऱ्हाईक? शत्रू? एकही शब्द धड बसेना.

"लिहा सार," दिवाकरन वैतागून म्हणाला, "फिर्यादी."