कोचचा मराठी शब्द

कतारमधल्या दुखानच्या आमच्या कॉलनीत मुलींना फुटबॉल शिकवणारा इंग्रज कोच उमेदीची सगळी वर्षं इंग्लंडात बचावफळीत खेळला. वाकडं नाक, सुजरे गुडघे. गळ्यातल्या शिट्टीशी नुसता चाळा करत उभा असतो. "डिफेंडरनं घाई करायची नाही," हे त्याचं ठरलेलं वाक्य.

माझी लेक माझ्या मराठीला इंग्रजीत उत्तर देते, तेही फोनमधून मान वर न करता. त्याच्याकडे मात्र टक लावून बघते. मला ते खुपतं.

परवा ती बॉलवर झेपावणार, तोच तो चक्क मराठीत ओरडला, "थांब!"

ती जागीच थांबली.

हे कुठे शिकलात, मी विचारलं.

"तिनंच शिकवलं. म्हणाली, बाबा ओरडतात तसं ओरडा, लगेच कळतं."

कळतं म्हणे. माझ्यासाठी कधी थांबली?