दाजींची एकुलती लढत

पडण्यात आमच्या दाजींचा हात धरणारा अख्ख्या बुऱ्हाणपुरात कोणी नव्हता. समोरच्या खेळाडूचा नुसता वारा लागला तरी ते कोलमडत, पोटरी धरून मैदानावर लोळत आणि लोळता लोळता हळूच पंचाकडे बघत. शिट्टी वाजली की पोटरी लगेच बरी होई. जमलेली माणसं याला खेळ म्हणत. मी पहिल्यांदा पाहिलं तेव्हा मला वाटलं, आक्काच्या नवऱ्याचा पाय मोडला. त्याच सामन्यात ते पुन्हा तसेच पडले, तेव्हा माझ्या मनातून जे उतरले ते उतरलेच.

दाजी म्हणजे माझ्या थोरल्या बहिणीचे यजमान. मी तेव्हा मराठी शाळेत नुकतीच शिक्षिका म्हणून लागले होते आणि बुऱ्हाणपूरच्याच लालबागला त्यांच्या घरी राहत होते. दाजी कापड मिलमध्ये कामाला आहेत, असं म्हणायची आमच्याकडे पद्धत होती. त्यांची हजेरी सूतखात्यात लागे, पण सूत म्हणून त्यांनी पाहिलं ते फक्त अंगातल्या सदऱ्याचं. मिलच्या जुन्या मालकांना फुटबॉलचा भारी षोक. चांगले गडी हेरून त्यांना ते पगारावर ठेवत, आणि काम एकच, खेळायचं. दाजी त्या संघाचे सेंटर फॉरवर्ड. नागपूरच्या स्पर्धेत त्यांनी कधीकाळी गोल मारले होते, आणि ते गोल मी येईपर्यंत सांगून सांगून गुळगुळीत झाले होते.

पाळी सुटली की कामगार केसांत कापूस घेऊन आमच्या दारावरून घरी जात. त्या वेळी दाजी ओट्यावर पाय पसरून बसलेले असत आणि आक्का त्या पायांना कोमट तेल चोळत असे. "ह्या पायावर घर चालून राहिलं, मास्तरीणबाई," ते मला सांगत. घर चालत होतं आक्का लोकांच्या चोळ्या शिवत होती त्यावर. मिलकडून मिळणारं दूध मात्र दाजी एकटेच पीत. ते पायांसाठी होतं.

मग प्रांत बदलला. आमची राजधानी नागपूरची भोपाळ झाली. कचेऱ्यांवरच्या पाट्या बदलल्या, शाळेत आम्हा शिक्षकांना हिंदी पक्कं करायला सांगितलं, आणि जुनी मंडळी पारावर बसून आपण आता नेमके कुठले, याचा काथ्याकूट करू लागली. दाजींना त्यातलं एवढंच कळलं की नागपूरची स्पर्धा गेली. नव्या प्रांताच्या संघासाठी निवड झाली तेव्हा इंदूर-भोपाळची पोरं त्यांच्यापुढून वाऱ्यासारखी निघून गेली. दाजी सवयीनं पडले, पण तिथल्या पंचानं मान फिरवली. त्यातच जुने मालक वारले. नव्या मॅनेजरनं फुटबॉलचा संघ मोडला आणि खेळाडूंना सांगितलं, खात्यात येऊन यंत्रावर उभे राहा, नाहीतर दुसरी नोकरी बघा.

यंत्रावर उभं राहायचं या कल्पनेनंच दाजींचं अन्न तुटलं. काही दिवस ते ओट्यावर नुसते बसून होते. मग एका सकाळी चहा पिता पिता म्हणाले, "मी बॉक्सिंग करणार."

आक्कानं विचारलं, "म्हणजे काय?"

"मुक्केबाजी. फुटबॉलात त्या दहा जणांनी मला बुडवलं. आता मधे कोणीच नको. मी न् समोरचा."

तेव्हा त्यांनी तिशी केव्हाच ओलांडली होती. मी म्हटलं, "दाजी, या वयात मार खायला जाणार?"

त्यांनी माझ्याकडे कीव आल्यासारखं पाहिलं. "तुम्ही शिकलेल्या लोकांना हिशेब समजत नाही. ह्या नव्या प्रांतात फुटबॉलवाले गल्लीगल्लीत आहेत. पण माझ्या वजनाचा बॉक्सर शोधून दाखवा. मी चौकशी करून राहिलो ना. कोणीच नाही. मैदान खाली आहे."

आवडीनं काम धरणारी माणसं मी पाहिली आहेत, पोटासाठी धरणारीही पाहिली आहेत. समोर कोणी उभं राहणार नाही म्हणून मर्दानी खेळ निवडणारा माणूस मी तो एकच पाहिला.

शिकवायला त्यांनी जैनाबादचे एक निवृत्त सुभेदार गाठले. सुभेदारांची तिथे केळीची बाग होती आणि लष्करात असताना ते बॉक्सिंग करत. तापी ओलांडून ते आमच्या घरी आले. आक्कानं जाड किंतानाची पिशवी शिवून तीत मिलचा टाकाऊ कापूस ठासला होता. ती अंगणातल्या लिंबाला टांगली होती. सुभेदारांनी पिशवी पाहिली, दाजींना वरपासून खालपर्यंत पाहिलं आणि म्हणाले, "मारायचं मी शिकवीन. मार खाता येतो का, ते बोला."

दाजी हसले. सुभेदारांनी त्यांच्या गालावर एक ठोसा दिला, भाकरी थापावी इतका हलका. दाजी धाडकन अंगणात आडवे. ठोसा लागला होता गालावर आणि त्यांनी धरली होती पोटरी.

सुभेदारांनी थोडा वेळ वाट पाहिली. मग आक्काला विचारलं, "हे नेहमी असेच पडतात का, बाई?"

"सवय आहे," आक्का म्हणाली.

त्या हिवाळ्यात इंदूरला नव्या प्रांताची बॉक्सिंग स्पर्धा भरली आणि दाजींनी मिलच्या नावानं तीत नाव दिलं. आक्कानं इंदूर पाहिलं नव्हतं म्हणून आम्ही दोघीही गेलो. दाजींचा हिशेब चोख निघाला. त्यांच्या वजनात दुसरं एकच नाव होतं, ग्वाल्हेरच्या कॉलेजातल्या एका मुलाचं, आणि तो तापानं फणफणून खोलीवर पडला होता. दाजींना रिंगमध्ये बोलावलं, पंचांनी त्यांचा हात वर केला आणि कप दिला. त्यांच्या केसांचा भांगसुद्धा हलला नव्हता.

परतीच्या गाडीत समोरच्या बाकावरच्या माणसानं कपाबद्दल विचारलं. खंडवा येईतो तो कॉलेजातला मुलगा लष्करातला जवान झाला होता. बुऱ्हाणपूरच्या फलाटावर उतरलो तेव्हा तिसऱ्या फेरीत दाजींनी त्याला झोपवला होता. मॅनेजरनं हार आणि टांगा पाठवला होता. मिलचं नाव केलं म्हणून दाजींची नोकरी पूर्वीसारखीच, बिनकामाची, कायम राहिली. रोज संध्याकाळी ओट्यावर गर्दी व्हायला लागली. "मी डावीकडे झुकलो. त्याला वाटलं, गेला हा. अन् तिथूनच खालून असा एक काढला..." माणसं तोंडं उघडी टाकून ऐकत आणि आक्का सगळ्यांना चहा देत असे.

मी तिला आत नेऊन म्हटलं, "तू काही बोलत का नाहीस? आपण तिथे होतो."

"कोणाचं काय जातं," ती म्हणाली.

"अगं, धडधडीत खोटं आहे ते."

"खरं तू शाळेत शिकव. मला चूल पेटवायची आहे."

खोट्याला एक खोड असते. लोक त्यावर विश्वास ठेवतात. मॅनेजरनं इतका ठेवला की पुढच्या दिवाळीच्या आधी त्यानं मिलच्या मैदानावर जाहीर लढत ठरवली. महूच्या छावणीतला खराखुरा जवान येणार होता. ही बातमी कळली त्याच दिवसापासून दाजी लंगडायला लागले. घोट्याला भलं मोठं फडकं गुंडाळून ते मिलमध्ये जात, आणि वाटेत भेटेल त्याला फडकं दाखवत. सुभेदार आले. त्यांनी फडकं सोडून घोटा पाहिला, होता तसा पुन्हा गुंडाळला आणि म्हणाले, "रविवारी मैदानावर येतो."

त्या संध्याकाळी ताट वाढताना आक्का पहिल्यांदाच बोलली. "अहो, मिलवाल्यांना सांगून टाका."

"काय सांगू?"

"इंदूरला झालं ते. अन् खात्यात कामाला जा. चार दिवस लोक हसतील, मग विसरतील."

दाजींनी घास खाली ठेवला. "तू होती ना तिथं. काय पाहिलं तू?"

"तुमचा हात वर केलेला पाहिला."

"हां. तो आता खाली कसा घेऊ, ते सांग."

मला तर तो निव्वळ मिजासखोरपणा वाटला. अजूनही वाटतो. पण दुसऱ्या दिवशी घोट्याचं फडकं धुऊन दोरीवर वाळत टाकलेलं होतं.

रविवारी सगळं लालबाग मैदानावर लोटलं. समोरचा जवान दाजींपेक्षा पुष्कळ लहान, अंगानं सडपातळ, आणि स्वभावानं सभ्य असावा, कारण त्यानं आधी दाजींना वाकून नमस्कार केला. मग पहिलाच ठोसा तोंडावर मारला. दाजींच्या ओठातून रक्त आलं. मी ते पडायची वाट पाहू लागले. माझ्या आजूबाजूचे, त्यांचा फुटबॉल पाहिलेले सगळेच वाट पाहत होते. कोणीतरी मागून म्हणालं, "अब गिरेगा देखो."

ते पडले नाहीत. ते चांगले लढले, असं मी अजिबात म्हणणार नाही. त्यांचा एकच ठोसा लागला, तोही जवानाच्या खांद्याला. बाकी सगळा वेळ ते मार खात उभे होते. दुसऱ्या फेरीत डावा डोळा सुजून मिटला. मागे हसणारे हसायचे थांबले. कोपऱ्यातून सुभेदार सांगत होते, "बैठ जाओ भाऊ, बैठ जाओ." शेवटी शेवटी तो जवानसुद्धा हात आखडून मारत होता आणि पंचाकडे पाहत होता. आक्का माझ्या शेजारी पदराचा बोळा मुठीत धरून बसली होती. तिनं डोळे झाकले नाहीत. शेवटची घंटा वाजली तेव्हा दाजी उभे होते, पण तोंड भलत्याच बाजूला करून. सुभेदारांनी हात धरून त्यांना खाली आणलं. त्या जवानाचा हात वर झाला.

घरी आक्कानं हळदीचा लेप लावला. मला राग आवरत नव्हता. "उभ्या जन्मात ऊठसूट पडत आलात, दाजी. आज पडायला काय झालं होतं?"

फाटलेल्या ओठांतून त्यांना बोलता येत नव्हतं. तरी म्हणाले, "पडून काय करू? तिथं शिट्टी वाजवणारं कोणी नव्हतं."

मला वाटलं, या माणसात आता काही फरक पडेल. कसला पडतो. डावा डोळा कायमचा गेला, खंडव्याच्या डॉक्टरांनी हात टेकले. मिलनं त्यांना फाटकावर एक स्टूल दिलं, आणि सूज उतरते न उतरते तोच स्टुलावरून इंदूरची लढत पुन्हा सुरू झाली. केळीच्या गाड्या हाकणारे, नवे कामगार, ऐकायला कोणीही चालत होतं. मैदानावरच्या लढतीबद्दल मात्र ते चकार शब्द काढत नसत. कोणी विषय काढलाच तर हात झटकून म्हणत, "तो तमाशा होता, सोडा." जी झालीच नाही ती लढत हा माणूस दरवेळी नवा ठोसा घालून सांगत होता, आणि जी खरंच उभं राहून निभावली ती गळवासारखी झाकून ठेवत होता. त्यांच्या पडण्यापेक्षाही मला याचीच जास्त चीड येई.

पुढे आमच्या शाळेतले मराठीचे वर्ग कमी होत गेले आणि मी भुसावळला नोकरी धरली. दाजी काही वर्षांनी गेले, साध्या तापानं. तापीच्या घाटावर सगळं आटोपल्यावर मी आक्काला माझ्याकडे घेऊन आले.

ती आल्यावर थोड्याच दिवसांत शेजारच्या काकू बसायला आल्या. मी मेथी निवडत होते. इकडचं तिकडचं झाल्यावर काकूंनी विचारलं, "यजमान काय करायचे तुमचे?"

"मिलमध्ये होते," आक्का म्हणाली.

"बॉक्सर होते," मी म्हटलं.

आक्कानं चमकून माझ्याकडे पाहिलं. आता हीही इंदूरचं सांगते की काय, असं तिला वाटलं असावं.

"मी लढत पाहिली आहे त्यांची," मी काकूंना सांगितलं. "मिलच्या मैदानावर. समोर महूच्या लष्करातला जवान होता."

"अगंबाई. मग, जिंकले?"

"छे. हरले. सपाटून हरले."

आक्कानं हात लांब करून माझ्या पुढ्यातली अर्धी मेथी आपल्याकडे ओढली आणि खाली मान घालून निवडायला लागली.