रुंदावणारी घळ

टोपलंवाल्याला सगळे बडबड्या म्हणायचे, आणि ते काही उगाच नाही. त्याचं तोंड चालू असायचं तोवरच लोक जिवंत पलीकडे पोचायचे.

गावाला लागून ती मेली घळ, आणि ती ओलांडायला दोरावर लटकणारं एक टोपलं. तिचा तळ ज्यांनी पाहिला, ते सांगायला परत आले नाहीत. एरवी कशी शहाण्यासारखी असायची, समोरच्या काठावरच्या दवाखान्याच्या खिडक्या मोजता याव्यात इतकी अरुंद. पण तिच्यावर लटकलेला माणूस घाबरला, की घळ रुंदावायची. आवाज तेवढा कितीही लांबचा ऐकू यायचा. दोराचं एक टोक पलीकडच्या खांबाला पक्कं, बाकीचा दोर अलीकडे लाकडी रहाटावर गुंडाळलेला. घळ रुंदावली की रहाट करकरत फिरायचा आणि दोर सुटत जायचा. सगळा सुटला, की संपलंच. बडबड्याच्या आधीचा टोपलंवाला असाच गेला. अबोल माणूस होता बिचारा.

म्हणून बडबड्या उतारूबरोबर टोपल्यात बसून दोर ओढता ओढता अखंड बोलायचा. शिळे विनोद सांगायचा, आणि विनोदाने भागलं नाही तर उतारूला सरळ डिवचायचा. "हा सदरा तुमचा की धाकट्या भावाचा?" चिडलेला माणूस घाबरायचं विसरतो, हे त्याला पक्कं ठाऊक होतं. रहाटाशी त्याची बायको बसायची. दोराला चरबी चोळायची, वेटोळ्यांवर नजर ठेवायची, आणि रहाट जरा हलला की ओरडायची, "अहो, बोला, बोला!" घरी मात्र दिवसभर "अहो, जरा गप्प बसा" चालायचं.

त्यांची एकुलती एक पोरगी, दिवस भरलेले. एका सकाळी कळा सुरू झाल्या. सुईणीने पोटावर हात ठेवला आणि तिचा चेहराच उतरला. "मूल आडवं आहे. आत्ताच्या आत्ता दवाखान्यात न्या, नाहीतर दोघंही हातची जातील."

पोरीला टोपल्यात बसवलं. बडबड्या चढला, चार हात पुढे गेला, तोंड उघडलं, आणि काही येईना! पोरीचा घामेजलेला हात त्याच्या गुडघ्यावर होता आणि त्याची बोबडी वळली होती. समोरचा दवाखाना बघता बघता काडेपेटीएवढा झाला. मागे रहाट करकरायला लागला.

"अहो, मागे या! मागे!" बायको किंचाळली.

कसाबसा तो काठाला लागला. तिने दंडाला धरून त्याला खाली ओढलं. "आज तुमच्याच्याने नाही व्हायचं. व्हा रहाटावर."

"अगं, पण तुला भीती..."

"मला भ्यायला वेळ आहे का?" म्हणेपर्यंत ती चढलीसुद्धा.

अर्ध्या वाटेपर्यंत बाईने कमाल केली. दोर ओढता ओढता पोरीपुढे तिच्या बापाचा उद्धार चालू होता. त्याचं घोरणं, अंथरुणावरचा ओला टॉवेल, तेच तेच विनोद. घळ मुकाट आक्रसून बसली होती, पोरगी कळा सोसत हसतही होती. आणि एकदम तिने अशी किंकाळी फोडली, की काठावर बडबड्याच्या काळजाचं पाणी झालं. बायकोचे हात थांबले. तिने पोरीकडे पाहिलं, आणि मग नको तेच केलं. खाली पाहिलं.

रहाट सुटला. धरायचीही सोय नाही, धरला तर दोर तुटतो. टोपलं दोघींसकट चिमणीएवढं दिसायला लागलं. "तुझं जेवण आळणी असतं!" त्याने बोंब मारली. छे, ते तिने हजारदा ऐकलं होतं. "तुझा भाऊ चोर आहे!" तेही जुनंच. दोराखालून रहाटाचं लाकूड दिसायला लागलं. दोन-तीन वेटोळी राहिली. आता तिला खरंच लागेल असं काहीतरी हवं होतं, आणि बायकोला काय लागतं हे नवऱ्याला बरोबर ठाऊक असतं.

"मला तुझी ताई हवी होती!" तो घसा फाडून ओरडला. "पहिल्या दिवसापासून! तिने नाही म्हटलं, म्हणून तू!"

रहाट थांबला.

लांबून पोरीचा आवाज आला, "बाबा!" आणि पाठोपाठ बायकोचा, "थांब मेल्या, येते परत, मग बघते तुझ्याकडे!" उभ्या जन्मात तिने त्याला अरेतुरे केलं नव्हतं. मग ती जी दोर ओढायला लागली! पलीकडचा काठ पुढे पुढे सरकत आला. बडबड्या सुटलेला दोर गुंडाळत राहिला. दोघी उतरताना दिसल्या, तसा तो रहाटाला मिठी मारून ढसाढसा रडला.

दुपार कलल्यावर बायको एकटीच परत आली. "मुलगी झाली. दोघी सुखरूप आहेत. आठ दिवसांनी आणायचंय त्यांना." बादलीतल्या पाण्याने तिने सोललेले तळहात धुतले. त्याच्याकडे न बघताच विचारलं, "ते खरं होतं?"

खरं असं होतं, की बघायला तो गेला होता ताईलाच, आणि पाणी घेऊन आलेल्या धाकटीला बघून त्याची वाचा बसली होती. आयुष्यात पहिल्यांदा. जगभरची बडबड केली, पण हे तेवढं तिला सांगायचं राहून गेलं होतं. आता अगदी ओठांवर आलं.

त्याने घळीकडे पाहिलं. आठ दिवसांनी टोपलं हीच ओढणार होती. आत पोरगी असणार, आणि तिच्या मांडीवर ते मूठभर बाळ. मध्येच पुन्हा हिचे हात थांबले तर ओरडायला त्याच्याकडे दुसरं काय होतं?

"हो," बडबड्या म्हणाला.

तिने हात पुसले, चरबीचा डबा ओढला आणि दोराला चोळायला बसली.